अजून दोन पॉइंट

लुडविग्सहाफेन
९ ऑक्टोबर २०२३

चि. अपूर्वा,

अनेक आशीर्वाद. पाकीट पाहून तुला नवल वाटलं असेल. कागदावर लिहायचं कारण आधी सांगते. आमच्याकडे फोन स्पीकरवर असतो, मेलचा पत्ता दोघांचा एकच आहे, आणि चाळीस वर्षांत लेशेकला मराठी चांगलं समजायला लागलं आहे. बोलतोही, मोडकंतोडकं. फक्त देवनागरी वाचता येत नाही. त्याच्याबद्दल त्याच्या नकळत काही लिहायचं तर हाच मार्ग उरतो.

सरलाचा पुण्याहून फोन आला होता. म्हणाली, "अगं नीलू, आमच्या अपूर्वाच्या स्टुडिओत तुझ्या नवऱ्याचा सिनेमा आलाय." तुझ्या आईला अजून वाटतं की तो सिनेमात नट होता. मी दुरुस्ती करणं सोडलं आहे.

तू त्याला लहानपणी दोनदा पाहिलंस. तो छायालेखक. पोलंडमध्ये चार सिनेमे केले. चौथा 'खालची खोली', १९७८चा. लेशेक पाझदर हे नाव कुठे उरलं असेल तर ते या एका सिनेमामुळे. चित्रीकरणाआधी तो दोन दिवस त्या खोलीत नुसता बसायचा. मग एकच उजेड ठेवायचा, घरातल्या माणसांना तो जिथून येताना माहीत असतो तिथून. सामानात दिवे कमी आणि काळं कापड जास्त. इतर लोक खोलीत उजेड आणायचे, हा काढत जायचा.

डिसेंबर १९८१ला तो कामासाठी जर्मनीत होता. तिकडे मार्शल लॉ लागला, तो परत गेला नाही. इथल्या टीव्हीवाल्यांनी दोन कामं दिली आणि तिसरं दिलं नाही. म्हणाले, प्रेक्षकांना टीव्ही बिघडल्यासारखं वाटतं. मग कारखान्यांच्या फिल्म. पाइप, व्हॉल्व्ह, सुरक्षेचे बूट. १९८४ला आमच्या कारखान्यात, रंग बनवणाऱ्या पिगमेंट विभागात आला. आमच्या साहेबांनी विचारलं, "मिस्टर पाझदर, आग विझवायचा सिलिंडर अंधारात का?" तो म्हणाला, "कारण आग अजून लागलेली नाही." मी हसले. तेवढी एकटीच हसले. पुढचं तुला माहीत आहे.

आता मुद्दा. 'खालची खोली'च्या ज्या प्रती फिरतात त्या प्रतींच्या प्रती आहेत. त्यात त्याचा अंधार नाही, नुसता चिखल आहे. मूळ निगेटिव्हवरून नवी प्रत तुमच्याकडे होणार, आणि मंजुरीसाठी त्याला बोलावलं आहे. तो एक्याऐंशीचा आहे. आम्हाला मूल नाही. एक सिनेमा, जसा होता तसा, मागे राहावा, एवढंच त्याचं मागणं आहे. विशेषतः शेवटचा शॉट.

डोळ्यांबद्दल आईने काही सांगितलं असेल, तर त्याचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, दोन्ही डोळ्यांचं. आता छान आहे. संध्याकाळी तो जुना लाइट मीटर घेऊन खिडकीशी बसतो. आकडे बारीक आहेत म्हणून काटा मी वाचते. "किती?" तो विचारतो. "सात." थोड्या वेळाने, "चार." तो "हं" म्हणतो, आणि आम्ही जेवायला बसतो.

तू त्या खोलीत असशील याचा मला आधार वाटतो.

तुझी
नीलूमावशी


बर्लिन
१९ ऑक्टोबर २०२३

प्रिय नीलूमावशी,

सा. न. दहावीनंतर पहिल्यांदाच मराठीत एवढं लिहितेय. हात दुखतोय, शुद्धलेखन माफ कर.

गेनाऊ, अगदी बरोबर, सिनेमा माझ्याकडेच आहे. ग्रेडिंग मी करणार. म्हणजे कुठला शॉट किती उजळ, किती गडद, ते ठरवून प्रत तयार करायची. निगेटिव्हला व्हिनेगरसारखा आंबट वास येतोय आणि ते आकसलंय. स्कॅनरमधून एकदाच गेलं, तेही मुंगीच्या पावलाने. पुन्हा जाणार नाही. आता जे काही आहे ते या स्कॅनमध्ये.

मी तो दोनदा पाहिला. स्वयंपाकघरात तिघं जेवतात आणि मला फक्त चमचे दिसतात, तरी कोण कोणावर रागावलंय ते कळतं. हे कसं केलं काकांनी? आमच्याकडे मिलन म्हणून एक आहे, तो म्हणाला, "आज असं शूट करून आणलं तर प्रोड्युसर कॅमेरा डोक्यात घालेल."

शेवटच्या शॉटबद्दल विचारायचं होतं. मुलाला खाणीतून वर काढून घरी आणलंय, शेजारच्या खोलीत ठेवलंय. आई टेबलाशी बसलीये. डावीकडे खिडकी, बाहेर बर्फ. संध्याकाळ होत जाते. दिवा लावायला कोणी येत नाही. तीन मिनिटं चाळीस सेकंद. जुन्या प्रतीत अर्ध्यानंतर सगळा पडदा काळा आहे. पण स्कॅनमध्ये मला काळ्यातलंसुद्धा दिसतं. दोन मिनिटांनंतर त्या नटीचा चेहरा... मावशी, मी मशीन थांबवलं आणि खाली जाऊन कॉफी घेतली. ते लोकांना दिसायचं आहे की नाही?

हक्क ज्या संस्थेकडे आहेत तिथल्या बाईंना सगळं जरा उजळ हवंय. म्हणतात, लोक फोनवर बघतात. पण नियम त्यांचाच आहे. छायालेखक हयात असेल तर शब्द त्याचा. काकांची सही झाली की तीच प्रत, मग त्यात मी किंवा त्या, कोणीच काही बदलू शकत नाही. सोमवार २७ नोव्हेंबरचा टर्मिन, म्हणजे मंजुरीची भेट, ठरलाय. तू पण ये ना. येताना चकली आण.

तुझी
अपूर्वा


लुडविग्सहाफेन
२ नोव्हेंबर २०२३

चि. अपूर्वा,

तू विचारलंस म्हणून लिहिते. हे त्याने माझ्याशिवाय कोणाला सांगितलेलं नाही.

त्या नटीचं नाव हालिना. तिचा स्वतःचा मुलगा आदल्या वर्षी गेला होता. दिग्दर्शकाला ते माहीत होतं, म्हणूनच त्याने तिला घेतलं. शॉटच्या आदल्या दिवशी ती लेशेककडे आली. म्हणाली, "मी रडेन. मला ते आवरता येणार नाही. पण कोणाला दिसता कामा नये." दिग्दर्शकाला दाखवायचं होतं. लेशेकने तिला शब्द दिला.

चार दिवस संध्याकाळी त्याने त्या खिडकीशी मीटर धरून उजेड कसा उतरतो ते लिहून ठेवलं. मग असं बसवलं की दोन मिनिटांना तिचा चेहरा जातो आणि खिडकी मात्र राहते. तीन मिनिटांपर्यंत, एकशे ऐंशी सेकंद, खिडकी राखाडी दिसत राहते, मग तीही जाते. दोन मिनिटं झाल्यावर ती रडली. निगेटिव्हला ते दिसलं, निगेटिव्ह डोळ्यापेक्षा जास्त पाहतं. पण छापताना ३४वर छापलं की ते झाकलं जातं. हा आकडा तुला माहीत असेल. जितका कमी, तितकं चित्र उजळ. लॅबमध्ये तो स्वतः उभा राहिला आणि ३४ करून घेतलं. दिग्दर्शक त्याच्याशी पुन्हा बोलला नाही. आता तोही नाही, हालिना जाऊनही वीस वर्षं झाली.

आकडा त्याच्या वहीत आहे. वही घेऊन मी त्याच्या शेजारी बसेन. अक्षर त्याचंच, पण फार बारीक.

तरी काही शंका आली तर त्याचं ऐक. उजेडाच्या बाबतीत तो कधी चुकलेला नाही.

चकली केली आहे. भाजणी इथल्या पिठांची, तेव्हा फार आशा ठेवू नकोस.

तुझी
नीलूमावशी


बर्लिन
३ डिसेंबर २०२३

प्रिय नीलूमावशी,

चकली संपली. मिलनने डबा पुसून खाल्ला.

परवापासून लिहू की नको करत होते. आल्झो, तर मग, लिहिते.

सकाळी सगळं किती छान चाललं होतं. पहिल्या दोन तासांत काकांनी फारसं काही बदललं नाही. तू वहीतला आकडा वाचायचीस, मी लावायचे, ते "हं" म्हणायचे. मग तो शेवटचा शॉट. मी ३४ लावून ठेवलेलंच होतं. बघताना ते ओठांतल्या ओठांत पोलिशमध्ये मोजत होते. संपल्यावर मराठीत म्हणाले, "खिडकी मेली. लवकर मेली. अजून दोन पॉइंट." मी ३२ केलं. पुन्हा पाहिलं, पुन्हा मोजलं. "अजून दोन." पंगतीत वरण मागावं तसं. तीस. अठ्ठावीस.

मी म्हटलं, "काका, फक्त खिडकीच उजळवू का? बाकी तसंच ठेवते, मशीनमध्ये करता येतं." त्यांनी हात उडवला. "नाय, मुली. पूर्ण चौकट, एक उजेड. आम्ही ठिगळ लावत नाही." मग तेच जर्मनमध्ये सगळ्यांना सांगितलं. संस्थेच्या बाईंचा चेहरा तर खुलला होता. सव्वीस. चोवीस. "अजून एक, मुली." तेवीसला ते म्हणाले, "एकशे ऐंशी. बरोबर. आता बरोबर."

मावशी, तेवीसला हालिनाचा चेहरा शेवटपर्यंत दिसतो. डोळे, नाक, सगळं.

मी तुझ्याकडे पाहिलं. वही तुझ्या मांडीवर उघडी होती. तू खाली बघत होतीस. मला वाटलं, तुला मान्य आहे. मग वाटलं, पंचेचाळीस वर्षांनी त्यांनी मन बदललं असेल, ती बाई आता नाही, शब्द सुटला असेल. मोतीबिंदू काढलेल्या लोकांना सगळं जास्त उजळ दिसतं, ते सहसा चित्र गडद करून मागतात. काका उलटं मागत होते. म्हणजे हे विचार करूनच असणार, असं मी स्वतःला सांगितलं.

सही केली ती रेघेच्या खूप खाली, तारखेवर. बाई म्हणाल्या, "कलावंत!" सगळे हसले. मीपण.

तू फक्त एवढं लिही की हेच हवं होतं. फाइल १५ जानेवारीपर्यंत आमच्याकडे आहे.

अपूर्वा


लुडविग्सहाफेन
१४ डिसेंबर २०२३

चि. अपूर्वा,

त्याला जे हवं होतं ते मिळालं. परत येताना गाडीत तो झोपला, इतका गाढ की मानहाइमला हलवून उठवावं लागलं. आल्यापासून आनंदात आहे. रविवारी कोबी आणि डुकराचं मांस घालून त्याचा तो पोलिश रस्सा केला, तीन दिवस पुरेल इतका. जेवताना म्हणाला, "आता मेलो तरी चालतं." मी म्हटलं, आधी भांडी घास. घासली.

काही बदलू नको.

थंडी वाढली आहे. काळजी घे.

नीलूमावशी


बर्लिन
५ जानेवारी २०२४

प्रिय मावशी,

तुझं पत्र मी बरेचदा वाचलं. त्यात माझ्या प्रश्नाचं उत्तर नाही.

मला त्या दिवसातलं एकेक आठवतंय. काकांनी चहा ओतताना बोट कपाच्या आत धरलं होतं. लिफ्टचं बटण तू दाबलंस, दरवेळी. जेवायला बाहेर गेलो तेव्हा ते म्हणाले, "बर्फ टिकलाय अजून." समोर पांढरी व्हॅन उभी होती. मिलनशी बोलताना ते त्याच्या खांद्याकडे बघत होते. मला वाटलं, लाजतात. आणि ती वही. त्यांच्या स्वतःच्या अक्षरातली वही तू का वाचत होतीस?

मावशी, काकांना दिसत नाही ना?

त्यांना खिडकी दिसत नव्हती म्हणून ते उजेड वाढवत गेले. आणि मी वाढवत गेले. मला तेवीसला नाही, सव्वीसलाच कळलं होतं की हे चुकतंय. माझं कामच ते आहे. दुसरा कोणी असता तर मी म्हटलं असतं, "थांबा, जरा वहीत बघू." पण ते काका होते. आपल्याकडे काकांना असं कोण म्हणतं? आणि तू तिथे बसली होतीस.

ऐक. ३४ लावायला मला अर्धा तास लागेल. पण सही झालेली आहे. संस्था ती एकाच कारणाने रद्द करेल, त्या दिवशी त्यांना दिसत नव्हतं असं डॉक्टरचं पत्र मिळालं तर. किंवा काकांनी स्वतः लिहून दिलं तर. १५ तारखेच्या आत. मग फाइल त्यांच्याकडे जाते.

लोकांना कळेल, हे मला माहीत आहे. पण हालिनाला शब्द दिला होता, हे तूच मला लिहिलंस.

फोन करत नाही. ते ऐकतील. लवकर लिही.

अपूर्वा


लुडविग्सहाफेन
२८ जानेवारी २०२४

चि. अपूर्वा,

तारीख निघून गेल्यावर लिहिते आहे, हे मला ठाऊक आहे.

मोतीबिंदूचं ऑपरेशन खरं होतं. त्याने काही फरक पडला नाही, एवढं मी लिहिलं नव्हतं. त्याचा मॅक्युला गेला आहे. नजरेचा मधला भाग नाही, कडा थोड्या आहेत. पाच वर्षं झाली. माझा चेहरा त्याने पाच वर्षांत पाहिलेला नाही. "कान दिसतात," म्हणतो. "छान कान." मीटरवरचे आकडे बारीक नाहीत.

त्याने कोणाला सांगितलं नाही आणि मीही नाही. छायालेखकाला दिसत नाही म्हटल्यावर त्याला कोण बोलावणार? बर्लिनच्या टर्मिनची त्याने वर्षभर वाट पाहिली. म्हणाला, "कडेने बघतो. खिडकी डावीकडे, कडेलाच आहे. मी मोजतो, तेवढं पुरतं." मला ते पटलं. पटवून घेतलं.

एकतीस वर्षं मी पिगमेंट विभागात रंग मोजण्याचं काम केलं. राखाडीतला एका पायरीचा फरक मला यंत्राशिवाय सांगता येतो. तुझ्या त्या खोलीत बत्तीसलाच मला समजलं. त्याला खिडकी साठाव्या सेकंदाला मेलेली दिसत होती आणि आपल्या सगळ्यांना ती जिवंत दिसत होती. मी तोंड उघडलं असतं तर सहा जणांसमोर त्याला कळलं असतं की तो काय पाहत नाही. मी म्हटलं, अपूर्वा शिकलेली आहे, ती थांबवेल. तू म्हटलंस, मावशी आहे, ती थांबवेल. तू माझ्याकडे पाहिलंस ते मला दिसलं. म्हणूनच मी खाली पाहिलं.

तुझं पत्र ८ तारखेला आलं. मी पाकीट फोडत होते तर त्याने आवाज ऐकला. "अपूर्वा?" हो म्हटलं. "काय म्हणते?" मी म्हटलं, "सिनेमा सुंदर झालाय म्हणते." तो खिडकीकडे वळला. मग म्हणाला, "हालिनाला सांगायला पाहिजे होतं."

डॉक्टरला लिहिलेलं पत्र माझ्या पर्समध्ये आहे. तीन वेळा टपालपेटीपर्यंत नेलं. एकदा तर तोच सोबत होता, हात धरून. "टाकलंस?" त्याने विचारलं. मी म्हटलं, टाकलं.

तुझी चूक नाही. मीच तुला लिहिलं होतं की त्याचं ऐक.

नीलूमावशी


बर्लिन
२० मे २०२४

प्रिय मावशी,

चार महिने लिहिलं नाही. रागावले होते, आता नाही.

सिनेमा बाहेर पडलाय. वर्तमानपत्रांत चांगलं लिहून आलं आहे, तेच वाईट आहे. एकाने लिहिलंय, "पंचेचाळीस वर्षं अंधारात लपलेला चेहरा." पोस्टरवर तीच फ्रेम घेतलीये. तिचे गाल ओले दिसतात.

संस्थेची यादी पाहिली. २३ जूनला रविवारी सकाळी हायडेलबर्गला खेळ आहे आणि पाहुणे म्हणून काकांचं नाव छापलंय. त्यांना नेऊ नकोस. ताप आलाय म्हण, काहीही म्हण. पोस्टर त्यांना दिसणार नाही, पण लोक बोलतील.

मी संस्थेत पुन्हा विचारलं, तारीख गेली तरी काका अजूनही स्वतः सही मागे घेऊ शकतात. त्यांच्याशिवाय कोणी नाही.

अपूर्वा


लुडविग्सहाफेन
२६ जून २०२४

चि. अपूर्वा,

मी त्याला नेलं. आमंत्रण फोनवर आलं होतं, त्यानेच घेतलं. नवा शर्ट आणायला लावला.

थिएटर लहान आहे, नव्वद खुर्च्या. सकाळ असूनही सगळ्या भरलेल्या. विद्यार्थी बरेच. आम्हाला तिसऱ्या रांगेत बसवलं. सिनेमाभर तो खुशीत होता. आवाजावरून त्याला प्रत्येक शॉट कळत होता. माझ्या हातावर बोटाने चौकट काढून दाखवायचा, दिवा कुठे होता ते.

शेवटचा शॉट सुरू झाला. तो मोजायला लागला. दोन मिनिटांना माझ्याकडे झुकला आणि कोणाला समजू नये म्हणून मराठीत विचारलं, "चेहरा गेला?"

समोर हालिना रडत होती. मी म्हटलं, "गेला."

त्याने माझा हात दाबला.

मग मागच्या रांगेतली एक मुलगी शेजारणीला म्हणाली, हळूच, पण त्याच्या कानासाठी पुरेसं मोठ्याने, "बघ ना, कशी रडतेय. ओठ बघ." आणि आणखी कोणीतरी नाक ओढलं.

त्याचा हात माझ्या हातावर तसाच होता. मोजणं थांबलं नाही. एकशे ऐंशीपर्यंत मोजलं, मग दोनशे वीसपर्यंत.

दिवे लागले. त्याला पुढे नेऊन खुर्चीवर बसवलं. एका तरुण माणसाने विचारलं, "मिस्टर पाझदर, इतकी वर्षं तो चेहरा कोणी पाहिला नव्हता. आता दाखवावा असं का वाटलं?"

मी उभी राहिले. मला बोलायचं होतं. खरंच बोलणार होते. त्याला खुर्चीचा आवाज ऐकू आला असावा. माझ्या दिशेने त्याने तळहात दाखवला, जसा सेटवर थांब म्हणताना दाखवायचा. म्हणाला, "सही माझी आहे. दुसऱ्या कोणी काही केलेलं नाही." टाळ्या वाजल्या. त्यांना वाटलं, काहीतरी मोठं बोलला.

घरी आलो. जेवण झाल्यावर म्हणाला, "वही वाच. शेवटचं पान." मी वाचलं, चौतीस. त्याने विचारलं, "आणि बर्लिनला?"

मी म्हटलं, "चौतीस."

"छान," तो म्हणाला. त्याला कळलं होतं आणि मला कळलं होतं की त्याला कळलं आहे. तरी मी चौतीस म्हटलं.

दुसऱ्या दिवशी मी म्हटलं, सही मागे घेऊ या. अपूर्वा अर्ध्या तासात करून देईल. मी पर्समधलं पत्रही काढलं. तो म्हणाला, "लोकांनी पाहिलं. आता झाकून कोणाला दाखवायचं?" मग सावकाश, शब्द शोधत, "ती म्हणाली होती, कोणाला नाही. कोणाला नाही म्हणजे कोणाला नाही." त्यानंतर त्याविषयी बोलला नाही. मला एका शब्दाने दोष दिला नाही. दिला असता तर मी उत्तर तयार ठेवलं होतं.

तुझ्याबद्दल विचारलं, मुलगी कशी आहे. बरी आहे म्हटलं.

यापुढे फोन केलास तरी चालेल. स्पीकरवर असला तरी चालेल. लपवायचं होतं ते संपलं.

संध्याकाळी तो खिडकीशी बसतो, पण 'किती' असं विचारत नाही. मीटर मीच धरते, काटा वाचते आणि आकडा मोठ्याने सांगते. सात. पाच. चार. तो 'हं' म्हणत नाही. काल बाहेर अजून लख्ख ऊन होतं, त्याच्या तोंडावर पडत होतं, काटा वरच्या टोकाच्या रेघेला टेकला होता, आणि मी मुद्दाम म्हटलं, "शून्य."

तो उठला आणि जेवायला येऊन बसला.

नीलूमावशी